आठ जागा, नऊ घरं

सोमवारी दुपारी रेवाचे डोळे नुकते मिटत होते, तेवढ्यात मोडेमवरचा हिरवा दिवा गेला आणि शेजारी लाल दिवा लुकलुकायला लागला. उन्नतीने पाळण्याची दोरी सोडली नाही. सरावली गावात काहीतरी जातं आणि काहीतरी येतं, त्यातलंच एक असेल म्हणून तिने त्याला लुकलुकू दिलं. संध्याकाळपर्यंत तो लालच राहिला, तेव्हा मात्र ती दर पाच मिनिटांनी मोडेमपाशी जाऊन बघायला लागली.

एरवी तिने एवढं मनाला लावून घेतलं नसतं. पण शुक्रवारी चार वाजता तिचा डेमो होता. पुण्याची एक कंपनी ऑनलाइन विज्ञान शिकवायला शिक्षिका शोधत होती. रेवा पोटात असताना उन्नतीने रंगाच्या कारखान्यातली प्रयोगशाळेची नोकरी सोडली होती, आणि तेव्हापासून तिचं सगळं रसायनशास्त्र दुधाच्या बाटल्या उकळण्यापुरतं उरलं होतं. लेकीला नजरेआड न करता काम मिळण्याची ही पहिलीच संधी. मोबाइलच्या नेटवर तिच्या खोलीत चित्र अडकायचं, आणि कंपनीची अटच होती की नेट वायरचं हवं.

तिने इंटरनेटवाल्यांना फोन लावला. आधी एका ध्वनिमुद्रित बाईने खेद व्यक्त केला. मग एका माणसाने मोडेम बंद करून चालू करायला सांगितला, मागच्या बारीक भोकात पिन दाबायला सांगितली. रेवाच्या लंगोटाची पिन काढून उन्नतीने तेही केलं. दिवा लालच. मग त्याने विचारलं, कनेक्शन कोणाच्या नावावर आहे? नवऱ्याच्या, म्हटल्यावर तो म्हणाला, सरांशीच बोलावं लागेल. सर तारापूरला प्लांटमध्ये होते, आणि तिथे फोन गेटवरच्या लॉकरमध्ये ठेवून आत जावं लागतं. तिने समजावून सांगितलं की दिवा माझ्यासमोर आहे, ज्यांनी तो पाहिलेलाच नाही त्यांना विचारून तुम्हाला काय कळणार? त्यावर त्यानेही खेद व्यक्त केला. खेदाचा साठा त्यांच्याकडे मुबलक होता.

रात्री जेवणाआधी नवऱ्याने, धीरजने, तक्रार नोंदवली. बुधवारी मेसेज आला, आपली तक्रार दूर झाली आहे. घरी कुणी फिरकलं नव्हतं. उन्नती दिवसभर घरात. रेवा झोपली म्हणजे बेलचा आवाज नको म्हणून दारही अर्धं उघडं ठेवलेलं. मग झालं काय होतं, तर धीरज शिफ्ट संपवून कंपनीच्या बसच्या रांगेत उभा असताना त्याला फोन आला, काम झालंय सर, ओटीपी सांगा. तक्रार मिटली की गिऱ्हाइकाच्या मोबाइलवर आकडे येतात, ते सांगितले की यांच्या दफ्तरी काम पुरं. धीरज पडला सरळ माणूस. त्याने सांगून टाकले.

“अगं, तो झालं म्हणाला,” धीरज म्हणाला.

“झालं म्हणजे त्याचं झालं. माझं काय झालं?”

दुसऱ्या दिवशी नवी तक्रार करून धीरजने स्वतःचा फोन तिच्या हातात ठेवला. तसाही तो लॉकरमध्येच पडून असतो. “आजपासून सर तूच,” म्हणाला, आणि रेवाच्या पायाचा पापा घेऊन बस गाठायला पळाला. इतक्या रागातही उन्नतीला हसू आलंच.

शुक्रवारी दुपारी जेवण उरकताना इंटरनेट कंपनीचा माणूस आला. कमलेश त्याचं नाव, तिशी ओलांडलेला, खांद्यावर वायरचं वेटोळं. घरात शिरलाच नाही. जिन्याखाली विजेच्या मीटरशेजारी एक काळी पेटी आहे, ती उघडून त्याने आत काहीतरी काढलं, काहीतरी खोचलं. उन्नती रेवाला कडेवर घेऊन दारात येईपर्यंत मोडेमवर हिरवा दिवा. एवढंसं काम, आणि त्यासाठी आठवडा जीव टांगणीला! तरी तिला इतकं हायसं वाटलं की चहा घेता का, असंही विचारून झालं.

“चहा नको ताई, ओटीपी द्या,” कमलेश म्हणाला. “मला अजून उमरोळीला जायचं हाय.”

धीरजच्या फोनवर आकडे आलेच होते. ती वाचणार, एवढ्यात वरच्या मजल्यावरून प्रेमलाकाकू गुडघ्यावर हात ठेवत एकेक पायरी उतरत आल्या. काकू मूळच्या किनाऱ्यावरच्या माहीम गावच्या. मुलगा बोटीवर नोकरीला, म्हणून एकट्याच इथे त्याच्या घरात राहायच्या. त्याला बघता यावं म्हणून त्यांनी नुकतंच नेट घेतलं होतं. हातातला मोबाइल त्यांनी आरशासारखा पुढे धरला होता.

“उन्नती, बघ गो जरा. पोर बोलता बोलता गेला. आज बंदरात हाय तो, मग परत किती दिवस नाय.”

उन्नती रेवासकट वर गेली. काकूंच्या टीव्हीशेजारी मोडेम होता, आणि त्यावर लाल दिवा. तिच्या चांगल्या ओळखीचा. काकूंच्या घरी नेट कधी आलं, हे तिने विचारलं. सोमवारी, दुपारी.

ती खाली आली तेव्हा कमलेश पेटीला टेकून फोनमध्ये बघत होता.

“काकूंची वायर काढून माझी लावलीत?”

कमलेशने आधी सर्व्हरचं कारण सांगितलं, मग पावसाळ्यात वायर सडते असं काहीतरी. ती पेटीसमोरून हललीच नाही, तेव्हा त्याने झाकण उघडून दाखवलं. आत आठ जागा, आठही भरलेल्या. इमारतीत कनेक्शनं नऊ. कंपनीकडून मोठी पेटी येत नाही आणि नवीन गिऱ्हाईक मात्र रोज आणा म्हणतात, आमी काय करणार, असं म्हणत त्याने हात वर केले.

“सोमवारी आठांतून माझीच का काढलीत?”

“तसं काय नाय ताई.”

“का काढलीत ते सांगा.”

कमलेशने नजर चुकवली. “दिवसा घरात साहेब नसतात. बाई, बाळ... म्हटलं, तक्रार लगेच येणार नाय.”

“आणि आज काकू. त्यांना तक्रार करताच येत नाही म्हणून.”

त्याने पेटीचं झाकण लोटलं. उन्नतीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. आठवडाभर ज्यांनी खेद व्यक्त केला होता त्यांना हे ठाऊक असणारच, की नेट बिघडलेलंच नाही, ते फक्त या घरातून उपटून त्या घरात लावलंय. रेवाने तिचं मंगळसूत्र तोंडात धरलं होतं. ते हळूच सोडवत उन्नती अगदी शांत आवाजात म्हणाली, “काकूंचा दिवा हिरवा झाला की ओटीपी मिळेल. माझा न विझवता.”

कमलेशने खूप विनवलं. सहाच्या आत तक्रार बंद नाही झाली तर माझ्या पगारातून कापतात, म्हणाला. तिला त्याची दया आली नाही असं नाही. पण त्याच दयेपोटी आकडे सांगितले, की बुधवारसारखं पुन्हा सगळं मिटल्याचं कागदोपत्री होणार. तिने त्याला सांगितलं, तुमच्या साहेबांना फोन लावा, त्यांना मी सांगते. तो पुटपुटत फाटकाबाहेर गेला.

तिने काकूंना खाली आणलं, स्वतःच्या वायफायचा पासवर्ड त्यांच्या मोबाइलमध्ये घातला आणि स्वयंपाकघरात रेवाला त्यांच्या मांडीवर दिलं. पडद्यावर काकूंचा मुलगा उमटला. मागे क्रेन आणि पांढरं ऊन. रेवाने त्याच्या नाकावर बोट ठेवलं. “ही कुणाची मुलगी आणलीस गो आये?” तो विचारत होता. उन्नतीने मधलं दार लोटून घेतलं.

चार वाजता लॅपटॉपच्या पडद्यावर परीक्षक बाई आणि आठवीतली चार मुलं आली. विषय होता अणूची रचना. पहिली काही वाक्यं तिची तिलाच परकी वाटली, मग जीभ सुटली. टेबलावर धीरजचा फोन थरथरला. तिने तो पालथा घातला.

“एका कवचात जागा ठरलेल्या असतात,” ती सांगत होती. “त्या भरल्या, की पुढचा इलेक्ट्रॉन पुढच्या कवचात जातो. त्याच्यासाठी आधीच्याला कुणी बाहेर ओढत नाही.”

हे ती जरा जास्तच ठासून बोलली असावी. एका मुलीने विचारलं, “मॅडम, तुम्ही रागावलात का?”

“तुमच्यावर नाही, बाळा,” उन्नती म्हणाली. मुलं हसली, परीक्षक बाईही हसल्या.

तास संपल्यावर बाई मागे थांबल्या. शिकवणं त्यांना आवडलं होतं, पुढच्या आठवड्यापासून वर्ग द्यायला त्या तयार होत्या. फक्त एक विचारायचं होतं. “तुमच्याकडे नेट पक्कं आहे ना?”

आतून रेवाचं खिदळणं आणि काकूंचं काहीतरी गुणगुणणं ऐकू येत होतं. मोडेमचा दिवा हिरवा होता, आणि वरच्या मजल्यावरचा लाल. पालथा फोन पुन्हा थरथरायला लागला.

“करून घेतेय,” उन्नती म्हणाली. पडदा मिटला आणि तिने फोन उचलला. पलीकडे कमलेशचा साहेब होता. धीरज सरांना फोन द्या, असं तो हिंदीत म्हणाला.

“सर मीच आहे,” ती मराठीत म्हणाली. “बोला. मोठी पेटी निघाली का?”