लवकर आलेले पाहुणे

नावेतल्या सतराही माणसांनी काळे कपडे घातले होते. धक्क्यावर सेमिसी आणि त्याची बायको सेइनी धडधाकट उभी आहेत हे पाहताच सगळ्यांचे चेहरे उतरले.

"आज वार कोणता?" सेमिसीच्या थोरल्या बहिणीने, वीकाने, नावेतूनच विचारलं.

सेमिसीने फळ्याकडे बोट केलं. बुधवार, नऊ तारीख. रोज सकाळी हा फळा लिहायचा, ही त्याची चौतीस वर्षांची सरकारी नोकरी. मोतुलेवा बेटावर बुधवारनंतर गुरुवार येतो. प्रवाळाच्या कड्यापलीकडे त्याची हमी कोणी देत नाही. तिकडे माणूस सकाळी मासे धरायला जातो आणि गेल्या महिन्यात परततो. बापाच्या आधी मुलाचं लग्न लागल्याचीही उदाहरणं आहेत. मानपान मात्र तिथेही चुकत नाहीत. म्हणून बाहेरून आलेल्याने आधी फळा वाचायचा आणि मग पाय खाली ठेवायचा, अशी रीत.

वीकाने फळा दोनदा वाचला. मागे वळून काहीतरी पुटपुटली. सगळ्यांनी सुतकात कमरेला गुंडाळायच्या चटया सोडल्या, गुंडाळून बुडाखाली घेतल्या आणि सहज भेटायला आल्याचं सांगितलं. सतरा माणसं, चार डुकरं आणि प्रेत गुंडाळायच्या, झाडाची साल कुटून केलेल्या सालकापडाचं एक गाठोडं, एवढ्या तयारीने ती सहज आली होती.

पुढचं कोणी विचारलं नाही. बाहेर पाहिलेलं, पण इथे अजून न घडलेलं, मोतुलेवावर बोलायचं नसतं. वादळात देवळाचं छप्पर उडणार म्हणून मागे एकाने सांगितलं, तर लोकांनी ते आधीच उतरवून ठेवलं. वादळ दुसरीकडे गेलं आणि गावाने पावसाळाभर छत्र्या धरून प्रार्थना केली. तेव्हापासून तोंड उघडणाऱ्याला जेवण मिळत नाही.

मर्तिकाला आलेल्या माणसाला मर्तिक झाल्याशिवाय परत पाठवायचं नाही, हीही रीतच. शिवाय एकदा कड्याबाहेर गेले तर पाहुणे पुन्हा उगवायचे ते कदाचित नातवंडांच्या बारशाला. तेव्हा ते राहिले. घरात माणसं दोनच. पाहुणे कोणासाठी आलेत, एवढाच काय तो प्रश्न होता.

पाच दिवसांत दोन डुकरं संपली. शेजारपाजारचे कुंपणावरून डोकावत आणि अजून काहीच नाही का, अशा नजरेने बघत. सेइनीला तर लाज वाटू लागली. लोक आपली कामं टाकून खोळंबलेत, बरं दिसत नाही, असं ती म्हणे आणि प्रत्येकाच्या पानात जास्तीचा कंद वाढी. सेमिसी वीकाकडे पाहत राही. ती दुपारभर सेइनीचे केस विंचरत बसे. जाणारीचे विंचरते की मागे राहणारीचे, हे काही त्या फणीवरून कळेना.

सहाव्या दिवशी त्याने तिला नारळीखाली गाठलं. "ताई, दोघांपैकी कोण, एवढंच सांग."

"तू फळा लिहितोस ना? उद्याचा वार आज लिहितोस कधी?"

"नाही."

"मग मला कशाला लिहायला लावतोस?" असं म्हणून वीका जी उठली ती डुकराची आतडी नीट धुतली नाहीत म्हणून कोणावर तरी ओरडायला गेली. डोळे पुसायचे झाले की ती नेहमीच कोणावर तरी ओरडत असे.

राहता राहिलं ते गाठोडं. पुरुषाला काळ्या किनारीचं सालकापड, बाईला तांबड्या. दुसऱ्या दिवशी दुपारी पाहुणे झऱ्यावर अंघोळीला गेले, तेव्हा सेमिसी आत शिरला. गाठीवर बोटं ठेवली आणि तिथेच थांबला. वीका साधी गाठ मारते. ही दुपदरी होती, शेपूट आत खोचलेली. अशी गाठ बेटावर एकच बाई मारत असे, आणि एकोणचाळीस वर्षं तो तिच्या हातचं जेवत होता. म्हणजे गाठोडं तिने आधीच उघडून पाहिलं होतं.

त्याने हात काढून घेतला.

"सेमिसी," परसातून सेइनीची हाक आली. "इकडे ये जरा. अळूच्या पानात मासा कसा बांधायचा ते शीक."

एवढ्या वर्षांत तिने त्याला जमिनीतल्या भट्टीजवळ फिरकू दिलं नव्हतं. तो दारात जाऊन उभा राहिला.

"आत्ता? आत्ता कशाला?"

"हाताखाली माणूस नको का कोणी?"

"सतरा आहेत की."

"ती काय जन्मभर राहणारेत?" सेइनी म्हणाली आणि नारळ खवायला लागली. मान वर केली नाही.

सेमिसी तिच्याजवळ बसला. खालच्या आवाजात म्हणाला, "आपण नाव काढू या. कड्याबाहेर पुढचा आठवडा येतोच असं नाही. तिकडे कदाचित..."

"तिकडे नवरा सकाळी म्हातारा नि दुपारी पोरगा. मला तू ओळीने मिळालास, एकामागून एक दिवस. एकही मागेपुढे नाही. तेवढं राहू दे." मग तिने पानांची चळत त्याच्यापुढे सरकवली. "देठ आधी काढ. घशाला खाजेल, मग माझ्या नावाने बोंब मारशील."

पहिल्या दिवशी त्याची पुडी भट्टीत सुटली. दुसऱ्या दिवशी मासा कच्चा राहिला. वीकाने आपल्या वाटणीचा तो कच्चा मासा चाटूनपुसून संपवला आणि जेवणभर कोणावरही ओरडली नाही.

तिसऱ्या दिवशी देठ निघाले, पानं फाटली नाहीत, नारळाचं दूध बेताचं दाट झालं. सेमिसीने बोट बुडवून चव घेतली. मीठ अगदी बरोबर पडलं होतं.

"जमलं का रे?" पाठमोरी सेइनी निखारे सारखे करत होती.

सेमिसीने दुधात आणखी मूठभर मीठ टाकलं आणि ढवळलं.

"छे," तो म्हणाला. "उद्या परत दाखव."