सॉरी आणि झेंडूचे बी

माझी नातसून पूजा दिवसातून वीस वेळा सॉरी म्हणते. माझ्या पायाला तिचा पाय लागला, सॉरी. फोनवर पलीकडचे ऐकू आले नाही, सॉरी? आम्ही दोघी एकदम दारात आलो, तरी सॉरी. शेजारच्या भिकाची म्हैस मेली, तेव्हा त्यालाही तिने सॉरीच म्हटले. "म्हैस तू मारलीस काय गं?" मी विचारले, तर हसून म्हणते, "सॉरी, आजी."

एका शब्दाला एवढी कामे लावणाऱ्यांचे मला हसू येई. मी या घरची थोरली सून. थोरलीने कोणापुढे मान खाली घालायची आमच्यात पद्धत नव्हती.

मखमलाबादच्या आमच्या मळ्यात झेंडूचे बी घरचेच असे. दसऱ्याच्या तोड्यातली उत्तम फुले वाळवून बी राखायचे आणि पेरणीच्या दिवशी थोरलीने ते स्वतःच्या हाताने धाकटीच्या पदरात घालायचे, ही सासूबाईंनी घालून दिलेली रीत. सोळा वर्षांपूर्वी घराला रंग लागला, त्या गडबडीत बियांची पुरचुंडी नाहीशी झाली. माझी धाकटी जाऊ तानुबाई त्याच आठवड्यात हरसूलला माहेरी जाऊन आली होती. साऱ्या भावकीसमोर मी म्हटले, "बी हिच्या माहेरी गेले." तानू रडली नाही. महिन्याभरात बिऱ्हाड उचलून ती सिन्नरला गेली.

चार वर्षांपूर्वी नातू ओमच्या लग्नासाठी मी माझी ट्रंक उघडली. शालूच्या घडीत ती पुरचुंडी होती. रंगाच्या दिवसांत मीच ठेवलेली. मी पुरचुंडी आत ठेवून शालूची पुन्हा तशीच घडी घातली आणि कुलूप लावले.

गेल्या महिन्यात तानूच्या मुलाचा, हर्षलचा, फोन आला. डॉक्टरांनी तानूची आशा सोडली होती. मी पुरचुंडी कमरेला खोचली आणि पूजाला गाडी काढायला सांगितले. सिन्नर येईपर्यंत तिला सारे काही सांगून टाकले.

दवाखान्यातल्या खाटेवर तानू चादरीएवढीच उरली होती. डोळे मात्र तेच.

"वाट चुकल्या जणू, थोरल्या बाई?"

"तुला बघायला आले."

"बघा. लय बघण्यासारखं काय उरलं नाय." दम घेत ती हसली. "यंदा झेंडू कसा हाय?"

याहून मोठे दार कोण उघडून देते? माझा हात कमरेशी गेला. आणि मी केले काय, तर उशीचा अभ्रा मळका आहे म्हणून तिथल्या नर्सला फैलावर घेतले. मग बाहेर येऊन पूजाला म्हणाले, "तू सांग तिला. तुझ्या तोंडात तो शब्द बसलेला आहे."

"आजी, हे माझं नाही हो सांगायचं. तुम्हीच बोला. नुसता हात धरलात तरी त्यांना कळेल."

"उद्या," मी म्हणाले. आयुष्यभर सर्वांना कामे मीच नेमून दिली. त्या उद्यालाही मी तसाच हुकूम सोडला.

दुसऱ्या दिवशी सकाळी दूध तापत असताना हर्षलचा फोन आला. पूजाने गॅस बंद केला. माझ्यासमोर येऊन हळूच म्हणाली, "सॉरी, आजी." मला हसू आले नाही.

तेराव्याला भावकी हर्षलच्या अंगणात जमली. जेवणाच्या पंगती बसण्याआधी मी उभी राहिले आणि पुरचुंडी सर्वांना दिसेल अशी धरली.

"तानूने बी नेले नव्हते. ते माझ्याच ट्रंकेत होते. चार वर्षांपासून मला ठाऊक होते. माझे चुकले."

आमची नणंद कुसाबाई पदराने डोळे टिपत म्हणाली, "आता कोणाला सांगता, वहिनी?"

मी पुरचुंडी हर्षलपुढे केली. तो वाकून माझ्या पाया पडला. हात मात्र पुढे केला नाही.

पुरचुंडी मी परत घेऊन निघाले. सिन्नर मागे पडले, नाशिकची घरे दिसू लागली, तरी गाडी चालवणारी पूजा काही बोलली नाही. तो शब्दही नाही.