डाव्या डोळ्याचे चौकोन

कपाटाला कुलूप लावायचं आपण कधी विसरलो तर नाही ना, या एका विचाराने मिओरीचा रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही. "नोदोकाचं चित्र उद्या एकदा बघून जा," एवढंच लेकीच्या बालवाडीच्या ताकाबे बाई फोनवर म्हणाल्या होत्या.

कपाटात तिचा कामाचा जाड चष्मा होता. तो लावून मिओरी दिवसभर प्रौढांच्या फिल्मांमधला, कायद्याने दाखवता न येणारा भाग बारीक चौकोनांनी झाकत असे. पूर्वी एकदा झाकलं की भागायचं. आता असाच चष्मा चढवून प्रेक्षकालाच त्या खोलीत नेऊन बसवतात, म्हणून डाव्या डोळ्यासाठी वेगळं झाकायचं, उजव्यासाठी वेगळं, आणि दोन्हींचा मेळ केसभर चुकला की चौकोन अंगावरून सुटून हवेत तरंगू लागतात. अलीकडे ही चूक तिच्या हातून वरचेवर होत होती. नवरा सोडला तर हे काम कुणाला ठाऊक नव्हतं. इतर आयांना तिने 'लग्नाच्या फिल्मा जुळवते' असं सांगून ठेवलं होतं.

मातृदिनासाठी वर्गाच्या भिंतीवर सगळ्या आया टांगल्या होत्या, हसऱ्या, गुलाबी गालांच्या. नोदोकाच्या चित्रात अंबाडा मिओरीचा, कानातली तिचीच. चेहऱ्याच्या जागी मात्र नीट आखलेले, मातकट चौकोन.

"अगं बाई, नोदोकाच्या आई, लेकीने तुम्हाला फरशीच बसवली की!" शेजारच्या सेगावाबाई खिदळल्या.

ताकाबे बाई हसल्या नाहीत. "घरी काही... बघण्यात आलंय का तिच्या?"

मिओरी वाकून वाकून माफी मागत राहिली, कशाची ते न सांगता. कानांच्या पाळ्या तापल्या होत्या.

लेकीचा हात धरून परतताना सिग्नलपाशी तिने धीर करून विचारलं, "आईचा चष्मा कधी घातलास का गं?"

"छे! त्याला तर कुलूप असतं."

"मग माझं तोंड असं का काढलंस?"

"काम करून आलीस की असंच असतं. जेवेपर्यंत जातं."

आज तर तिने कामाला हातही लावला नव्हता. तिने गाल चाचपला; नेहमीसारखाच ऊबदार लागला. "आणि आत्ता?"

नोदोकाने मान वर करून बराच वेळ पाहिलं, मग संकोचून नजर खाली वळवली. दिवा हिरवा झाला. लोक पलीकडे जाऊ लागले.

"हात सोडा ना, काकू," ती अदबीने म्हणाली, "मला आईबरोबरच रस्ता ओलांडायचा असतो."