भुताच्या कपाळी बुक्का

घाटकोपरच्या चाळीत भूत आलं ते नेमकं सहदेवकाकांच्या कीर्तनसप्ताहात. रोज दुपारी कीर्तनाचा पूर्वरंग संपता संपता देवखोलीमागच्या जिन्यात पांढरं काहीतरी किंचाळायचं. पहिल्या दिवशी खोली भरलेली, पाचव्या दिवशी श्रोता एकच: चाळ कमिटीचे चेअरमन श्यामसुंदर. तेही कपाळी बुक्का लावून घेत आणि मध्येच उठत. एवढ्या मोठ्या माणसाला कामं असणारच, असं काका म्हणत.

"काका, श्रोतेच नाहीत तर खोली अडवून काय करायचं?" चेअरमन हळहळले. "मेहुणा व्हिडिओ पार्लर काढतोय. उद्याही कोणी आलं नाही, तर किल्ली द्या."

ज्या गिरणीत काम करत ती बंद पडली तेव्हा काका रडले नव्हते. आज झांजा पोटाशी धरून रडले.

त्याच संध्याकाळी चौकात पुतणी उत्तराचं नाटुकलं होतं. भाड्याच्या व्हिडिओवर पाहिलेल्या इंग्रजी कार्टूनची नक्कल: चार पोरं, एक भित्रा कुत्रा, एक भूत. शेवटी बुरखा ओढला की आत कोणीतरी ओळखीचा सज्जन. दर भागात तेच.

"गो, शेवट ठावक आसा तर लोक बघतत कित्याक?" काकांनी विचारलं.

"तुमच्या आख्यानात गोसाव्याच्या वेषातला राक्षस कधी सुटलाय का? तरी माना डोलावताच ना!"

काकांनी नकळत मान डोलावली.

"आणि भुताची चादर झकास मिळाली. चेअरमनच्या मिसेस पद्मजाकाकूंनी जुनी म्हणून दिली. डोळ्यांची भोकंसुद्धा पाडावी लागली नाहीत!"

नाटुकलं रंगलं. कुत्रा झालेला अनंत भुंकायचं विसरून खोकला, लोक लोटपोट. पहिल्या रांगेत चेअरमन मात्र चादर दिसताच रुमालाने कपाळ पुसू लागले. भूत दिव्याखाली आलं, आणि काकांना दिसलं की भोकांच्या वर, बरोबर कपाळावर, काळे ठिपके आहेत. पाच दिवसांचे पाच. नागरमोथा-कापूर घालून त्यांनी स्वतः कुटलेला बुक्का. वास दुसऱ्या रांगेपर्यंत येत होता.

बुरखा निघाला. टाळ्या थांबल्यावर काका उठले, चादरीची नीट घडी केली आणि चेअरमनच्या मांडीवर ठेवली.

"साहेब, तुमची चादर. बुक्का पुसू नका हां, देवाचा आहे. उद्या हीच अंथरून पुढे बसा. तुमच्यासारखा श्रोता नाही, पाचही दिवस आलात!"

मागच्या रांगेतल्या शांताबाई आधी फसकन हसल्या, मग सगळी चाळ.

दुसऱ्या दिवशी देवखोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. चेअरमन चादरीवर, दोन भोकांच्या मध्ये, आरतीपर्यंत हललेच नाहीत. काकांनी त्यांना सगळ्यांच्या आधी बुक्का लावला. त्या दिवशीचं आख्यान कुठलं होतं, हे मात्र आज चाळीत एकालाही सांगता येत नाही.