तिसरी बाटली

सव्वीस वर्षांच्या नोकरीत ताईंनी रोगी फारसे पाहिले नव्हते. पाहिलं ते त्यांच्या अंगातलं पाणी. छातीतलं, पोटातलं, क्वचित हृदयाभोवतीचं. इस्पितळाच्या तळमजल्यावर त्यांची प्रयोगशाळा होती. बाटली आली की ताई त्यातलं पाणी यंत्रात गरगर फिरवायच्या, तळाशी बसलेला गाळ काचपट्टीवर पसरायच्या, रंगवायच्या आणि सूक्ष्मदर्शकाला डोळे लावून बसायच्या. अहवालावर सही असायची प्रयोगशाळेचे प्रमुख असलेल्या सरांची, पण त्यांच्याआधी नजर फिरायची ती ताईंची. काही वावगं दिसलं की त्या काचेवर शाईचा ठिपका द्यायच्या. सर म्हणायचे, "ताईंचा ठिपका दिसला की मी आधी चष्मा पुसून घेतो."

त्या सोमवारी आलेली बाटली गढूळ, लालसर होती. चिठ्ठीवर लिहिलं होतं: पुरुष, वय बावन्न, धंदा पेंटर, उजव्या छातीतलं पाणी, क्षयाचं औषध चालू. खाली वॉर्डच्या डॉक्टरीणबाईंनी अधोरेखित केलं होतं, 'तिसऱ्यांदा'.

ताईंनी काच लावली आणि त्यांच्या मनात पाल चुकचुकली. नेहमीच्या पेशींमध्ये काही दांडग्या पेशी विखुरलेल्या होत्या. एकमेकींना न चिकटता, सुट्या सुट्या. केंद्र वेडंवाकडं, भोवती गडद निळा रंग. सूज आली की पेशी फुगतात, हे ताईंना पाठ होतं. पण ह्या फुगलेल्या नव्हत्या. ह्यांचा घाटच वेगळा होता.

त्यांनी ठिपका दिला आणि उठून कपाट उघडलं. चार महिन्यांपूर्वीची आणि दीड महिन्यापूर्वीची अशा दोन्ही जुन्या काचा काढल्या. तासभर मान वर केली नाही. पहिल्या काचेत काही सापडलं नाही. दुसऱ्या काचेत, अगदी कडेला, तशाच पाच पेशी होत्या. तिथे ठिपका नव्हता.

ती काच त्यांच्याच हाताखालून गेली होती. क्षणभर वाटलं, काच परत ठेवून द्यावी, तिसरीवर तर ठिपका दिलाच आहे. मग त्यांना स्वतःचाच राग आला. दुसरी आणि तिसरी काच घेऊन त्या तडक सरांच्या खोलीत शिरल्या.

"सर, दुसऱ्या वेळी माझी नजर चुकली. हे बघा."

सरांनी चष्मा पुसला. बराच वेळ पाहिलं. "तुमची एकटीची कशी चुकली? खाली सही माझी आहे." पुन्हा डोळा लावत ते म्हणाले, "ह्या लिम्फोमाच्या पेशी वाटतात. पण छातीच्या फोटोत गाठ कुठेच नाही म्हणतायत."

"गाठ नसेलच तर? पेशी पाण्यातच वाढत असतील तर?"

सर खुर्चीत मागे रेलले. "तसा एक प्रकार असतो. फार दुर्मीळ. मी पुस्तकातच पाहिलाय. पाणी किती उरलंय?"

"थेंबही टाकलेला नाही. फ्रिजमध्ये आहे. गाळाची मेणात वडी करून पेशींची जात ओळखणारा खास रंग लावू. पण ताजं पाणी मिळालं तर बरं."

ताजं पाणी आणायला ताई स्वतःच वॉर्डात गेल्या. पेंटर पलंगावर टेकून बसला होता, चार शब्दांनंतर एक दम घेत. उशाशी त्याची बायको होती.

"तुम्ही कोण?" त्याने विचारलं.

"तुमचं पाणी बघणारी."

"मग काय म्हणतंय?"

"अजून तोंड उघडलेलं नाही. पण बोलतं करीन."

पेंटर हसला आणि खोकला. "बाई, माझ्या रक्तात एचआयव्ही आहे, हे वाचलंच असेल. अकरा वर्षं झाली, एक गोळी चुकवलेली नाही. हिलाही काही होऊ दिलं नाही. तरी छाती भरली की सगळे म्हणतात, ह्यांचं असंच चालायचं."

"मी तसं म्हणणार नाही," ताई म्हणाल्या.

आठ दिवसांनी निकाल आला. एचआयव्ही नव्हे, तर ज्या दुसऱ्याच विषाणूमुळे हा लिम्फोमा होतो, त्याची खूण त्या दांडग्या पेशींत ठळक उमटली होती. क्षयाचा पुरावा तिन्ही बाटल्यांत कधीच नव्हता. डॉक्टरीणबाई पेंटरला सांगायला निघाल्या तेव्हा त्याने अट घातली, पाणी बघणाऱ्या बाईंनाही बोलवा.

"हा पांढऱ्या पेशींचा कर्करोग आहे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "एरवी ह्याची गाठ होते. तुमच्यात पेशी पाण्यातच राहतात, म्हणून फोटोत काही सापडत नव्हतं. क्षयाच्या गोळ्या आजपासून बंद. आजार चिवट आहे, खोटं सांगणार नाही. पण तुमची एचआयव्हीची औषधं चोख चालू आहेत, त्यामुळे जोरकस उपचार तुम्हाला झेपतील."

पेंटरची बायको ताईंकडे वळली. "तुमचं काय मत?"

ताईंना असं कुणी कधी विचारलं नव्हतं. "शत्रू कोण ते आता कळलंय," त्या म्हणाल्या. "आधी आपण भलत्याच्याच मागे लागलो होतो. आणि एक सांगते, दुसऱ्या बाटलीत तो होता. मला दिसला नाही."

पेंटर त्यांच्याकडे वळला. "तिसऱ्या वेळी दिसला ना? मग पुढच्या बाटल्याही तुम्हीच बघायच्या."

दर तीन आठवड्यांनी एक असे केमोथेरपीचे सहा डोस ठरले. दुसऱ्या डोसानंतर ताप चढला, तोंड सोलून निघालं, पेंटर दहा दिवस पातळ पेजेवर राहिला. पण त्याने हाय खाल्ली नाही. तेव्हा काढलेल्या पाण्यात ताईंना पूर्ण काचेवर चारच दांडग्या पेशी सापडल्या. सरांना दाखवण्याआधी त्यांनी डोळ्यांत तेल घालून काच तीनदा तपासली. चौथ्या डोसाच्या वेळी डॉक्टरीणबाईंनी सोनोग्राफीचं यंत्र छातीवर फिरवलं आणि सुई खाली ठेवली. काढायला पाणीच नव्हतं.

त्यानंतर प्रयोगशाळेत नवा नियम झाला: पाणी पुन्हा भरलं तर जुन्या काचा काढायच्या आणि गाळाची वडी करायचीच. नियम सरांच्या सहीने निघाला, मसुदा ताईंचा.

आता दोन वर्षं उलटली. पेंटर पुन्हा शिडीवर चढतो, दुकानांच्या पाट्या रंगवतो. परवा तपासणीला आला तेव्हा फाईल द्यायला ताई तिथेच होत्या. डॉक्टरीणबाईंनी छाती तपासून विचारलं, "काही तक्रार?"

"आहे ना. गुडघा. शिडी उतरताना भयंकर दुखतो."

डॉक्टरीणबाईंनी ताईंकडे पाहिलं, दोघी हसल्या, आणि त्यांनी फाईलवर मोठ्या खुशीत लिहिलं: गुडघेदुखी.