धुळ्याला गेलेली सरकारी जीप

मित्रांनो, पिंपळनेरला झुलालभाऊंच्या घरामागे बाभळीखाली एक जुनी जीप उभी आहे. तिची चाकं केव्हाच निघाली. मागच्या सीटवर कोंबड्या अंडी घालतात. ती जीप म्हणजे मीच. मला पाहून तुम्हांला हसू येईल, पण एके काळी माझ्या काचेवर 'महाराष्ट्र शासन' असं लिहिलेलं होतं आणि मला पाहून रस्त्यावरची माणसं बाजूला होत.

कारखान्यातून मी आले ती एका तालुक्याच्या कचेरीत. झुलालभाऊ माझे ड्रायव्हर. रोज सकाळी ते मला ओल्या फडक्याने पुसत. माझ्यातून फिरत ते नायब तहसीलदार तोताराम आबा. आबांचं घर धुळ्याला देवपुरात होतं, पण घरी जाताना ते नेहमी एस.टी.ने जात. "सरकारी गाडी सरकारी कामाला," असं म्हणून ते स्वतःची पिशवी उचलत आणि स्टँडकडे चालू लागत.

चौऱ्याऐंशी सालच्या उन्हाळ्यात आम्ही रोजगार हमीच्या एका कामावर गेलो. तिथे खडी फोडायला आलेली सुंदरबाई एका झाडाखाली तळमळत होती. तिचे दिवस भरले होते, आणि बाळ आडवं आलं होतं. बायकांनी लुगड्यांचा आडोसा केला होता, पण कोणाचंच काही चालत नव्हतं.

"झुलाल, गाडी धुळ्याला घे," आबा म्हणाले.

"आबा, तालुक्याबाहेर जायला परवानगी लागस," झुलालभाऊ हळूच म्हणाले. "आनि दुपारी मोठा साहेबले आनाले जानं शे."

"साहेब एस.टी.ने येतील. ही एस.टी.ने जाऊ शकेल का?"

मित्रांनो, त्या दिवशी मी जशी धावले तशी पुन्हा कधीच धावले नाही. सुंदरबाईला दवाखान्यात पोचवून आम्ही परतलो. संध्याकाळी निरोप आला, की मुलगी झाली आणि दोघी सुखरूप आहेत.

मोठ्या साहेबांना मात्र एस.टी.त उभं राहून यावं लागलं होतं. त्यांनी आबांकडे खुलासा मागितला. आबांनी खरं ते लिहून दिलं. पुढे कोणी काही बोललं नाही, म्हणून सगळ्यांना वाटलं की प्रकरण मिटलं.

नव्वद साली आबा निवृत्त झाले. हारतुरे झाले, भाषणं झाली. त्यानंतर काही महिन्यांनी त्यांच्या घरी आरोपपत्र आलं. चौऱ्याऐंशी सालच्या त्या दिवशी सरकारी जीप घेऊन ते धुळ्याला स्वतःच्या घरी गेले, असा त्यात आरोप होता. चौकशी होईपर्यंत पूर्ण पेन्शन अडवून ठेवली. झुलालभाऊंनी जाऊन सांगून पाहिलं, पण "तुम्ही त्यांचेच माणूस," असं म्हणून त्यांना परत पाठवलं. दवाखान्यात कोणी कोणाला आणलं, याची नोंद तरी कोण ठेवतं?

गल्लीत कुजबुज सुरू झाली. "काहीतरी असल्याशिवाय का पेन्शन अडते?" आबांनी ओट्यावर बसणं सोडलं.

एक जुना सहकारी घरी येऊन म्हणाला, "चूक झाली, एवढं लिहून द्या. महिन्याभरात मोकळे व्हाल."

तेव्हा त्यांच्या पत्नी पुष्पाबाई आतून बाहेर आल्या. "त्यास्नी काय चोरी करी का? मंग कसाले लिखी देवानं?" असं म्हणून त्यांनी त्याच्यापुढे चहा ठेवला. तो विषय तिथेच संपला. पुष्पाबाईंनी हातातल्या पाटल्या मोडल्या आणि आबांनी औरंगाबादच्या न्यायाधिकरणात दावा लावला.

तोवर माझा लिलाव झाला होता. झुलालभाऊंनीच मला विकत घेतलं. सुनावणीच्या दिवशी त्यांनी मला धुऊन पुसून आबांच्या दारात उभं केलं. मागच्या सीटवर सुंदरबाई बसली होती. झुलालभाऊंनी गावोगाव विचारत तिला शोधून काढलं होतं.

"आबा, मी बठ्ठं सांगसू साहेबले," ती म्हणाली. आबा आणि पुष्पाबाईंना घेऊन औरंगाबादच्या वाटेवर कन्नडचा घाट चढताना ती 'सगळं सांगेन' हेच पुन्हा पुन्हा म्हणत होती, जणू पाठ करत होती.

दुपारी सगळे न्यायाधिकरणातून बाहेर माझ्यापाशी आले. आबा जिंकले होते. पुष्पाबाईंच्या डोळ्यांत पाणी होतं. आबांचा चेहरा मात्र उतरलेला होता.

"काय झालं आबा?" झुलालभाऊंनी विचारलं.

"चार वर्षांहून जुन्या गोष्टीवर निवृत्तीनंतर नवी चौकशी लावता येत नाही, असा नियम आहे. त्यावरच निकाल लागला. पेन्शन मिळेल. पण मी घरी गेलो होतो की नव्हतो, ते बघायची गरजच पडली नाही. सुंदरबाईला कोणी आत बोलावलंसुद्धा नाही."

आम्ही परत निघालो, चाळीसगाव मागे पडलं. सुंदरबाई पदराचं टोक पिळत बसली होती.

देवपुरात मी थांबले, तेव्हा गल्लीतली माणसं निकाल ऐकायला ओट्यांवर आली होती. आबा मान खाली घालून उतरले. त्यांच्यामागून सुंदरबाई उतरली. तिने डोक्यावरचा पदर नीट केला आणि रस्त्याच्या मधोमध उभी राहिली.

"माले कोर्टात कोनी इचारं नहीं," ती मोठ्याने म्हणाली. "तुमी तरी आयका. त्या दिनले ह्या जीपमा मी व्हती. आबांनी घरना उंबरासुद्धा दखा नहीं. मनी पोर आज चौथीमा शे."

मग तिने सुरुवातीपासून सगळं सांगितलं. त्या झाडाबद्दल, आडोशाबद्दल, रस्ताभर आबा पुढे बसून मागे न बघता "धीर धर बाई" म्हणत होते, त्याबद्दल. समोरचे म्हातारे नाना ओट्यावरून उतरले आणि आबांचा हात धरून म्हणाले, "तोताराम, बस आमच्यात."

मित्रांनो, निवृत्त झालेल्या माणसाला त्याच्या हक्काचं मिळायलाच हवं, ते कोर्ट देतं. पण त्याचं म्हणणं ऐकून घेण्याचं काम तुमचं-आमचं आहे. तुमच्या गल्लीतही एखादे आबा एकटेच घरात बसत असतील. त्यांच्याबद्दल काही कानावर आलं, तर आधी त्यांच्याकडे जा आणि त्यांनाच विचारा.

त्या संध्याकाळी आबा नानांच्या ओट्यावर बसले. पुष्पाबाईंनी सगळ्यांसाठी चहा केला, आणि पहिला कप सुंदरबाईला दिला.