सरकलेला ब्रेकर

रविवारी संध्याकाळी पावणेसातला जयपूरच्या आदर्श नगरातल्या एका गल्लीत स्कूटर घसरली आणि कडेला उभं राहून गाईला पोळी घालणाऱ्या इंदुमती तायडे तिच्याखाली सापडल्या. स्कूटर मयूरीची होती. मयूरी तायड्यांचीच भाडेकरू. मूळची नाशिकची, झालाना भागातल्या एका कंपनीत नोकरीला, तायड्यांच्या वरच्या खोलीत राहणारी. दीड वर्षापासून तिचं रात्रीचं जेवण इंदुमतीबाईंच्याच हातचं.

गोपीनाथ तायडे त्या वेळी फाटकात उभे होते. त्यांनी आधी बायकोकडे पाहिलं नाही. आधी पाहिलं ते रस्त्यावरच्या स्पीड ब्रेकरकडे. ब्रेकर हातभर पुढे सरकून तिरका झाला होता.

समोरच्या सोनींनी गाडी बाहेर काढली. ती फाटकापर्यंत यायला वाट मोकळी हवी होती. तायड्यांनी ब्रेकरचं एक टोक धरलं, तो ओढत नेला आणि आपल्या भिंतीआड टाकला. सगळे इंदुमतीबाईंभोवती वाकलेले होते. मयूरी रस्त्यावर बसून रक्ताळलेला कोपर धरून होती. कोणी पाहिलं नाही.

गाडीत इंदुमतीबाईंचं डोकं मांडीवर घेऊन तायडे दवाखान्यात गेले. वाटेत सोनी म्हणत होते, आजकालच्या मुली स्कूटर कशा चालवतात. तायडे इंदुमतीबाईंच्या डोक्याला रुमाल दाबून होते.

तायडे मूळचे अकोल्याचे. रेल्वेच्या बदलीवर जयपूरला आले, इथेच निवृत्त झाले. नंतर घरात बसवेना म्हणून बाहेरून येणाऱ्या सिनेमावाल्यांना जागा शोधून देणाऱ्या एका कंपनीत लागले. हवेलीच्या मालकाशी बोलणं, परवानग्या आणणं, शूटिंगपुरत्या गल्लीतल्या गाड्या हलवायला लोकांना राजी करणं, ही त्यांची कामं. सरकारी कचेऱ्यांत बसून राहण्याची सवय होती, ती उपयोगी पडली.

या वेळी युनिट इटलीचं होतं. सिनेमा विनोदी, चोरांचा आणि काळाच्या प्रवासाचा. रोमचे तीन भुरटे चोर जयपूरला येऊन जवाहिऱ्याकडून पाचू पळवतात. पळताना त्यांची गाडी एका गल्लीतल्या स्पीड ब्रेकरवर उसळते, डिकी उघडते, पाचू रस्ताभर पसरतात आणि चोर पकडले जातात. तुरुंगातून सुटल्यावर ते एक यंत्र मिळवतात आणि ब्रेकर बांधलाच नव्हता त्या वर्षात परत जाऊन तीच चोरी पुन्हा करतात. यंत्राचा प्रसंग विश्वकर्मा औद्योगिक क्षेत्रातल्या एका बंद तेलघाण्याच्या शेडमध्ये झाला. गल्ली मात्र पसंत पडेना. किल्ला नको, महाल नको, साधी राहती गल्ली हवी होती. तायड्यांनी स्वतःची दाखवली.

त्या गल्लीतला ब्रेकर इंदुमतीबाईंनी आणवला होता. सोनींच्या नातीला मोटरसायकलचा धक्का लागला, तेव्हापासून त्या वॉर्डाच्या कचेरीत खेपा घालत होत्या. भुसावळच्या शाळेत मास्तरीण असताना मुलांना झापायच्या, तशा तिथल्या बाबूंना झापायच्या. शेवटी ब्रेकर झाला. गल्लीत त्याला सगळे मास्टरनीजी का ब्रेकर म्हणत. जुन्या काळाच्या प्रसंगांसाठी तो उखडायचा ठरला, तेव्हा त्या दोन दिवस नवऱ्याशी बोलल्या नाहीत. तायड्यांनी शब्द दिला की होता तसा बसवून देईन.

डिश अँटेना उतरल्या, पाण्याच्या प्लास्टिकच्या टाक्यांवर गोणपाट आलं, ब्रेकर उखडला. पण आजच्या काळाचे प्रसंगही तिथेच घ्यायचे होते आणि दिग्दर्शकाला एकाच दिवसात दोन्ही काळ हवे होते. तेव्हा कला विभागाने फोमचा ब्रेकर केला. वर रबराचा पत्रा, त्यावर डांबरी रंग, खडी चिकटवलेली, पिवळे पट्टे. दोन माणसं तो उचलून आणत, लांब खिळ्यांनी ठोकत, आजचा काळ संपला की उचलून नेत. पाच पावलांवरूनही फरक कळत नसे.

शनिवारी काम संपलं. डांबरवाला सोमवारी येणार होता. तायड्यांच्या कंपनीतला प्रसन्न फोमचा ब्रेकर टेम्पोत टाकायला निघाला, तेव्हा तायड्यांनीच त्याला थांबवलं. रविवारभर गल्ली मोकळी राहिली तर पोरं गाड्या उडवतील, लांबून काहीतरी दिसलं तर निदान हळू होतील, असं ते म्हणाले. खिळे मात्र त्यांनी काढायला लावले. एखादा वर आला तर कोणाचं टायर फाटायचं.

त्याच शनिवारी संध्याकाळी इंदुमतीबाई फाटकाशी आल्या, ब्रेकरकडे बघून म्हणाल्या, "बसवला का वापस? बरं केलं." एवढ्या दिवसांनी त्या हसल्या होत्या. तायड्यांना मजा वाटली. खरं काय ते उद्या सांगू, असं त्यांनी ठरवलं.

इंदुमतीबाईंच्या खुब्याचं हाड मोडलं होतं. डोक्याला टाके पडले. रविवारी रात्री तायडे कपडे न्यायला घरी आले, तेव्हा भिंतीआड काही नव्हतं. त्यांनी दवाखान्यातून प्रसन्नला फोन केला होता, त्याने टेम्पो पाठवला होता. सोमवारी उजाडताच डांबर पडलं. पक्का ब्रेकर शनिवारीच बसला होता, वरचा थर तेवढा राहिला होता, असं प्रसन्नने शेजाऱ्यांना सांगितलं.

दुपारी दवाखान्याच्या कळवण्यावरून पोलीस आले. हवालदाराने बूट नव्या ब्रेकरवर आपटून पाहिला. मयूरी सांगत होती की मी हळूच होते, ब्रेक लावला तसा ब्रेकर चाकाखालून पुढे गेला.

"मैडम, ब्रेकर कोई चप्पल है, जो सरक जाएगा?" हवालदार म्हणाला.

गल्ली हसली. सोनींची बायको पदर तोंडाला लावून हसली. तायडे फाटकात होते. त्यांनी मान खाली घातली आणि तेवढंच केलं. नवरा बायकोच्या काळजीत आहे, असं सगळ्यांना वाटलं.

त्या रात्री त्यांनी प्रसन्नला विचारलं की आपण हे पोलिसांना सांगायला नको का. प्रसन्नने ऐकून घेतलं. मग म्हणाला, "तायडेसाहेब, मी तर टेम्पोत टाकत होतो. ठेवायला तुम्ही सांगितलंत." आवाज चढवला नाही. काकूंची तब्येतही त्याने विचारली.

पुण्याहून मुलगा रणजीत रोज फोन करी. तो जयपुरात वाढलेला. "पप्पा, मतलब, वरून तिने ब्रेकरचा बहाना केला ना? अशांना छोडायचं नाही." तायडे म्हणत, बघू. सोनींच्या घरून डबा येई. दाल, बाटी, चुरमा, वर लसणाची चटणी. डबा ठेवताना सोनींची बायको एकदा म्हणाली, "भाईसाहब, आप तो देवता हो. कोई और होता तो लड़की का सामान सड़क पर फेंक देता." त्या दिवशीची बाटी त्यांनी गाईला घातली.

गुरुवारी मयूरी दवाखान्यात आली. कोपराला पट्टी होती. व्हरांड्यातल्या बाकावर तायड्यांच्या शेजारी बसली आणि समोरच्या भिंतीकडे बघत बोलू लागली.

"काका, मी खूप विचार केला. ब्रेकर कसा हलेल? घाबरले म्हणून मला तसं वाटलं असेल. स्पीड माझाच जास्त असणार." ती थांबली. "मी पोलिसांना तसं सांगून आलेय. आता तुम्हाला कोणी त्रास देणार नाही."

तायडे तिच्या कोपराच्या पट्टीकडे बघत राहिले.

"काकूंना एवढंच सांगा, मी मुद्दाम खोटं नव्हते बोलले. मला खरंच तसं दिसलं होतं."

"जेवलीस का?" तायड्यांनी विचारलं.

ती हो म्हणाली. जेवली नव्हती, हे चेहऱ्यावर दिसत होतं. जाताना वाकून त्यांच्या पाया पडली. त्यांनी पाय मागे घेतले, पण उशिरा. शुक्रवारी ती सुट्टी घेऊन नाशिकला गेली.

शनिवारपर्यंत इंदुमतीबाईंचं ऑपरेशन होऊन गेलं होतं. आधाराशिवाय चालता येईल का, यावर डॉक्टर हो म्हणत नव्हते आणि नाहीही म्हणत नव्हते. दुपारी वॉर्डात पंख्याखाली तायडे मोसंबं सोलत बसले होते. इंदुमतीबाई त्यांच्याकडे बघत होत्या.

"पाहून राहिली मी. माझ्या डोळ्याले डोळा देत नाही तुम्ही. काय झालं?"

तायड्यांनी मोसंबं ताटलीत ठेवलं आणि सांगितलं. फोम, रबर, खिळे, शनिवार, सगळं ओळीने सांगितलं, जसं कचेरीत साहेबासमोर सांगत तसं. ब्रेकर ओढून भिंतीआड टाकला तेही सांगितलं. हवालदाराचं चपलेचं वाक्यही सांगितलं. मयूरी बाकावर काय बोलली ते सर्वांत शेवटी सांगितलं.

इंदुमतीबाई छताकडे बघत ऐकत होत्या.  गेल्या शनिवारी आपण ज्याला बरं केलं म्हणालो तो हाच का, असं त्यांनी विचारलं. तायडे हो म्हणाले. इंदुमतीबाईंनी डोळे मिटले.

"मयूरीले सांगितलं का?"

"नाही."

"मग मले कायले सांगून राहिले? तिले सांगा आधी. मग ठाण्यात जा."

तायड्यांनी तिथेच फोन लावला. मयूरीच्या आईने उचलला. आवाज ऐकून ती बाई एकदम बोलू लागली. तुमच्याशी बोलायला आम्हाला तोंड नाही, भाऊ. तुमच्या घरचं खाल्लं आणि पोरीनं असं केलं. स्कूटर विकायला काढलीय तिनं. रात्री दचकून उठते. ताईंच्या जिवाला तर धोका नाही ना. तायडे दोनदा "ऐका" म्हणाले. तिसऱ्यांदा ती थांबली.

"ब्रेकर सरकला होता," ते म्हणाले. "खोटा होता तो, शूटिंगचा. ठेवायला मीच लावला. मयूरी खरं सांगत होती. मला माहीत होतं."

 आजूबाजूच्या खाटांवरचे लोक बघू लागले, त्यांना मराठी कळत नव्हतं.

"हे तुम्ही तिलाच सांगा," आई म्हणाली. आवाज वेगळा झाला होता, भाऊ म्हणाली नाही. फोन कशावर तरी ठेवल्याचा आवाज आला आणि मग लांबून मयूरीला मारलेली हाक.

इंदुमतीबाईंनी हात पुढे करून फोन मागितला. स्पीकर चालू केला आणि फोन चादरीवर दोघांच्या मध्ये ठेवला. भेटीची वेळ संपली म्हणून नर्स आली. इंदुमतीबाईंनी तिला हातानेच थांबायला सांगितलं.

नाशिकच्या त्या घरात कुठेतरी नळ वाहत होता. तो बंद झाला. दोन बायका आतल्या खोलीत हळू आवाजात बोलत होत्या, शब्द कळत नव्हते. मग तेही थांबलं. फोन अजून कोणी उचलला नव्हता, आणि कोणी बंदही केला नव्हता.